काजळी आणि फिकी

१

रोज सकाळी दहा वाजून पाच मिनिटांनी कात्रीसाहेब संग्रहालयाचा तिसरा मजला चढून येत, पतंग विभागाचं कुलूप काढत आणि आत असं बघत, जणू उशीर खोलीलाच झाला होता. लांबट खोली, दोन्ही बाजूंना लोखंडी कपाटं, कपाटांत काचेच्या झाकणांचे उथळ खण, आणि खणांत टाचणीला टोचलेले पतंग, ओळीने, पंख पसरून. दिव्यावर आपटणारे, लोकरीला भोकं पाडणारे, ज्यांना पाहून लोक आधी झाडू शोधतात तेच हे. प्रत्येकाच्या टाचणीला खाली नखाएवढ्या चिठ्ठ्या : कुठे सापडला, कधी, कोणाला. डांबरगोळ्यांचा वास तर असा, की बायको त्यांचे शर्ट वेगळे धुवायची.

खरं नाव पगारपत्रकावर असेल. बाकी इमारत त्यांना पाठीमागे कात्री म्हणे. हे त्यांना माहीत होतं आणि मनातून आवडतही होतं. वर्गीकरणाच्या धंद्यात दोन प्रकारची माणसं असतात. एकाला दोन ठिपके जास्त दिसले की तो नवी प्रजाती जाहीर करतो. दुसरा मागून येतो आणि म्हणतो, काही नाही हो, सगळं एकच आहे. कात्रीसाहेब दुसऱ्यातले. नावं रद्द करण्यात त्यांची हयात गेली होती, आणि नवं नाव त्यांनी आयुष्यात एकही दिलं नव्हतं. नवं नाव द्यायला काहीतरी नीट बघावं लागतं. पण हे त्यांना तोंडावर सांगणार कोण?

सध्या त्यांच्या कात्रीखाली मास्तर होते. मास्तर म्हणजे शाळेत भूगोल शिकवणारा एक माणूस, वारून पंधरा वर्षं झालेला. घराच्या गॅलरीत पांढरी चादर टांगायची, पलीकडून दिवा लावायचा आणि येईल तो पतंग टिपायचा, एवढ्या भांडवलावर त्याने एका गटात एकेचाळीस प्रजातींना नावं दिली होती. त्यातली एकतीस साहेबांनी उडवली होती. उरलेल्या दहांतली एक आज जायची होती.

"खडू धरणाऱ्या हाताने टाचणी धरली की असंच होणार," ते म्हणाले.

हे ऐकायला खोलीत फक्त बाई होत्या. बाई मांडणीचं काम करत. वाळलेला पतंग दमट डब्यात मऊ करायचा, फळीवर ठेवायचा, पंख चिमट्याने उलगडून कागदाच्या पट्ट्यांखाली दाबायचे, हे त्या तीस वर्षं करत होत्या. पदवी नव्हती. साहेबांच्या लेखी त्या फळीचाच एक भाग होत्या, फक्त बोलणारा.

"साहेब, या जोडीला हात लावण्याआधी पोट उघडून बघा," बाई म्हणाल्या. "नुसत्या पंखांवरून नाही कळायचं."

जोडीची लॅटिन नावं लांबलचक आहेत. बाई एकीला काजळी म्हणत आणि दुसरीला फिकी. काजळी गर्द तपकिरी, फिकी दूध जास्त झालेल्या चहासारखी. नाव आधी काजळीला मिळालं, फिकीला दोन वर्षांनी, आणि फिकीवर मास्तरांनी चार पानं लिहिली होती. कधी येते, चादरीवर कुठे बसते, दिवा मालवल्यावर किती वेळ थांबते.

"चार पानं!" साहेब म्हणायचे. "वर्णन आहे का प्रेमपत्र?"

२

आता इथे नियम थोडा सांगायला हवा, नाहीतर साहेबांनी काय शेण खाल्लं ते कळणार नाही. पतंगांचे पंख फसवतात. खात्री करायची तर पोटाचं टोक कापून कॉस्टिक सोड्यात उकळायचं, गाळ काढायचा आणि आत उरलेला कडक सांगाडा काचपट्टीवर ठेवून मायक्रोस्कोपखाली बघायचा. नराचा आकडा आणि मादीची खोबण, त्यात प्रजाती कळते. नाव असतं ते एका मूळ नमुन्याचं. त्याच्या टाचणीला लाल चिठ्ठी, आणि बाकीचे शंभर त्याच्याशी ताडून बघायचे. दोन प्रजाती एकच ठरल्या तर आधीचं नाव राहतं, नंतरचं जातं. पण नाव गेलं तरी लाल चिठ्ठी काढायची नाही, हा शिरस्ता.

एक पोट उकळून बघायला दिवस जातो. दोन पोटांना दोन. फिकीचं नाव रद्द करणारा निबंध नियतकालिकाला शुक्रवारी पाठवायचा होता आणि आज गुरुवार होता.

"बाई, तुम्ही पंख पसरा. डोकं चालवायला मला ठेवलंय," साहेब म्हणाले आणि त्यांनी लिहिलं : *दोन्ही मूळ नमुने उघडून तपासले. फरक आढळला नाही. गर्द ते फिकट अशा मधल्या सर्व छटा संग्रहात उपलब्ध आहेत.*

पोट एकही उघडलं नव्हतं. मधल्या छटा नव्हत्याच. खणात एकतीस गर्द होते, पंधरा फिकट होते आणि मधे काही नव्हतं. पण नाक वर करून खोटं बोलायचा एक फायदा असतो, समोरचा आपलंच काहीतरी चुकलं असेल म्हणून गप्प बसतो.

मग त्यांनी फिकीच्या पंधरा टाचण्या उपटून काजळीच्या ओळीत खोचल्या, मूळ नमुन्याची लाल चिठ्ठी काढली आणि चुरगाळून केराच्या टोपलीत टाकली.

"अहो साहेब, ती काढत नाहीत," बाई अर्धवट उठल्या.

"कशासाठी ठेवायची? जे नाहीच त्याची आठवण म्हणून?"

बाई खाली बसल्या. चिमटा उचलून त्या कामाला लागल्या, आणि साहेबांना ते फार बरं वाटलं.

३

घरीही कात्री चालूच असे. साहेबांना दोन मुली. थोरली तेवीस वर्षांची, डॉक्टर होत होती, आणि तिच्याबद्दल ते लोकांना न विचारता सांगत. धाकटी वीस वर्षांची, कॉलेज सोडून चष्म्याच्या दुकानात काचा बसवायला शिकत होती. तिच्याबद्दल ते विचारलं तरी सांगत नसत. दोघी एकाच साच्यातल्या, एकच खोली, एकच आवाज. धाकटी रंगाने जरा उजळ.

निबंध पाठवला त्या सकाळी चहा पिताना ते म्हणाले, "थोरलीचीच छापील प्रत आहे ही. फक्त शाई कमी पडली."

थोरली म्हणाली, "बाबा, काहीतरीच काय!"

धाकटीने पाव चहात बुडवला आणि मान वर न करता म्हणाली, "नंबर तपासून घ्या बाबा. जवळचं दिसत नाही तुम्हाला."

त्यांना हसू आलं नाही. बायकोला आलं, पण तिने ते पदराआड, म्हणजे कपाआड लपवलं. दोघी मुली एकाच वेळी, एकाच टेबलाशी, ही साहेबांची शेवटची आठवण. त्या क्षणाकडे त्यांनी लक्षही दिलं नव्हतं, वर्तमानपत्र वाचत होते.

४

तीन आठवड्यांनी निबंध छापून आला. साहेबांनी तो दोनदा वाचला आणि विजय डोळे भरून बघावा म्हणून काजळीचा खण ओढला.

खणात शेहेचाळीस पतंग होते. मोजणी बरोबर होती. डावीकडे गर्द, त्याच्या शेजारी किंचित कमी गर्द, मग आणखी जरा उतरता, असं करत करत उजव्या टोकाला दुधाळ. कुठेही पायरी नव्हती. दोन शेजारी घेतले तर फरक सांगता येत नव्हता, आणि दोन टोकं घेतली तर सारखेपणा.

साहेबांच्या मानेवर काटा आला. पण तो एकच क्षण. गर्व हे फार चांगलं औषध आहे, काट्यावर ताबडतोब लागू पडतं.

"बाई! इकडे या. नुसत्या पंखांवरून नाही कळायचं म्हणत होता ना? हातच्या कांकणाला आरसा कशाला!"

बाई आल्या, चष्मा लावून वाकल्या. बराच वेळ वाकलेल्याच राहिल्या.

"हे मी मांडलेले नाहीत," त्या म्हणाल्या.

"मग काय स्वतः येऊन बसले?"

"मांडणी माझीच दिसतेय. पट्ट्यांचे वळ माझेच आहेत. पण हे मधले," त्यांनी बोट काचेपासून लांब ठेवून दाखवलं, "हे पतंग माझ्या हाताखालून गेलेले नाहीत. तीस वर्षांत नाही."

"वय झालं, बाई."

बाईंनी वाद घातला नाही. खण मात्र त्यांनी बंद करू दिला नाही, आधी नवीन डांबरगोळी टाकली. साहेबांना ते हास्यास्पद वाटलं. फिकीचा मूळ नमुना यातला नेमका कोणता, हे आता त्यांनाही सांगता आलं नसतं. पण ते सांगायची गरजच काय होती?

५

त्या संध्याकाळी त्यांनी हॉलमधून हाक मारली, "धाकटे, पाणी आण."

पाणी आलं. ग्लास देणारीकडे त्यांनी पाहिलं आणि त्यांना वाटलं, ही तर थोरली. मग वाटलं, नाही, धाकटीच. तिच्या अंगात दुकानाचा निळा एप्रन होता आणि काखेत शरीरशास्त्राचं जाडजूड पुस्तक.

"दुसरी कुठंय?" त्यांनी विचारलं.

"आत," ती म्हणाली आणि आत गेली.

थोड्या वेळाने मुलींच्या खोलीच्या बंद दारातून बोलणं ऐकू यायला लागलं. दोघींचं. एक हाडांची नावं म्हणत होती, दुसरी मधेमधे हसत होती. घरोघरी बहिणी असंच बोलतात. साहेब वर्तमानपत्र ठेवून दाराशी का गेले ते त्यांनाही सांगता आलं नसतं. त्यांनी दार ढकललं. खोलीत एकच मुलगी होती, पलंगावर मांडी घालून, मांडीवर पुस्तक.

"कोणाशी बोलत होतीस?"

"मोठ्याने वाचत होते, बाबा."

त्यांना ते पटलं. न पटून करतात काय? थोरली बाहेर गेली असेल, ही फोनवर असेल, पोरींना बापाची थट्टा करायची खोड असते. दुसऱ्या दिवशीही तेच झालं आणि तिसऱ्याही. एकीला पाहिलं की दुसरी नुकतीच बाहेर पडलेली असे, किंवा नुकतीच न्हाणीघरात शिरलेली. न्हाणीघरातून पाण्याचा आवाज येई. साहेब पहारा देत बसत. दार उघडे आणि ओले केस पुसत तीच बाहेर येई, जी मघाशी स्वयंपाकघरात गेली होती.

चौथ्या दिवशी चहाच्या वेळी त्यांनी दाराला कान लावला. उभ्या आयुष्यात जे त्यांनी हलकं मानलं होतं ते, दाराला कान लावणं. आत दोघी बोलत होत्या. एकीने प्रश्न विचारला, दुसरीने उत्तर दिलं. मग एकीने वाक्य सुरू केलं आणि ते दुसरीने संपवलं. पुढच्या वाक्यात सांधा कळला नाही. त्याच्या पुढच्या वाक्याला एकच आवाज होता, आणि तो दोघींपैकी कोणाचाच नव्हता, मधला होता. मग आत शांतता झाली. त्यानंतर त्या खोलीत दोन आवाज पुन्हा कधी झाले नाहीत.

६

रविवारी सकाळी साहेबांनी ती खोली उघडली. एकच पलंग, खोलीच्या मधोमध. दोन पलंग होते तेव्हा दोन्ही भिंतींना टेकलेले असत. भिंतींवर घासल्याच्या खुणा नव्हत्या.

बायको स्वयंपाकघरात कप मांडत होती. तिने चार काढले, चौथ्याकडे क्षणभर बघितलं आणि तो परत फळीवर ठेवला.

"धाकटी कुठे गेली?" साहेबांनी विचारलं.

"कोण धाकटी?"

"आपली! आणि थोरली?"

"थोरली म्हणजे? कोणापेक्षा थोरली?" ती हसली, मग त्यांचा चेहरा पाहून थांबली. "अहो, बरं वाटत नाहीये का? मुलगी दूध आणायला गेलीय. येईल आत्ता."

"किती वर्षांची आहे ती?"

"आता बाविसावं लागेल."

"आपल्याला दोन मुली आहेत."

बायकोने ओट्यावर दोन्ही हात टेकले. पंचवीस वर्षं जे ती कपाआड लपवत आली होती ते आज तिने लपवलं नाही. "एका मुलीचा वाढदिवस तुमच्या कधी लक्षात राहिला नाही, आणि आज आणखी एक मागताय? काय करणार आहात दोघींचं? एकीला नावं ठेवून भागत नाही म्हणून?"

साहेब खुर्चीवर टेकले. डोकं थकलंय, त्यांनी स्वतःला समजावलं. डॉक्टरला दाखवावं. पण हे डॉक्टरचं काम नव्हतं. धाकटीचा त्यांना धाक वाटला नव्हता, लळाही फारसा लागला नव्हता. आता मात्र तिच्यावाचून घर एका बाजूला कलल्यासारखं वाटत होतं, आणि एवढ्या मोठ्या घरात ते त्यांना एकट्यालाच वाटत होतं. तेवढ्यात मुलगी दूध घेऊन आली. छान मुलगी होती. तिने त्यांच्याकडे बघून स्मित केलं आणि त्यांना तिची भीती वाटली.

७

निबंधाचा आणि पलंगाचा संबंध आहे, असं कात्रीसाहेबांनी स्वतःशीसुद्धा म्हटलं नाही. असल्या गोष्टी अडाणी लोक बोलतात. त्यांनी फक्त सोमवारी सकाळी नियतकालिकाच्या संपादकाला फोन केला आणि सांगितलं की फिकीचं नाव पुन्हा लावायचं आहे.

"महिनाही झाला नाही," संपादक म्हणाला. "तुम्हीच तपासून लिहिलंत ना? मग आता वेगळी कशावरून? एक लक्षण द्या. एक पुरे. पण खरं हवं."

साहेबांनी सगळ्यात फिकट तीन पतंग काढले, पोटं कापली, उकळली, काचपट्ट्या केल्या. तीन दिवस गेले. तिन्ही आकडे काजळीच्या आकड्याबरहुकूम. चार आठवड्यांपूर्वी त्यांनी खोटं लिहिलं होतं आणि आता ते अक्षरन् अक्षर खरं होतं. साहेब मायक्रोस्कोपवरून उठले आणि बाईंच्या फळीपाशी गेले.

"बाई," ते म्हणाले. हा स्वर बाईंनी पूर्वी ऐकला नव्हता. "तुम्हाला फिकी आठवते?"

"डोळ्यांना नाही आठवत. हातांना आठवते."

"सांगा. जे आठवेल ते."

बाईंनी हातातला चिमटा खाली ठेवला. "धड हलकं असतं तिचं. टाचणी खाली जाताना दोनदा अडते, काजळीची एकदाच. पंख उलगडताना मागचा पंख पुढच्याच्या खाली दडून बसतो, तो समजूत घालून काढावा लागतो. अंगाची भुकटी बोटाला लागते ती लागतेच, काजळीची फुंकरीने जाते. पुढचे पाय छातीशी घट्ट धरलेले, रुसल्यासारखे." त्या अर्धा तास बोलत राहिल्या. साहेब लिहून घेत होते. जिच्या डोक्यावर त्यांचा विश्वास नव्हता त्या बाईचं बोलणं ते मान खाली घालून लिहून घेत होते आणि कागद भरत होते.

मग त्यांनी खण ओढला. एकतीस गर्द होते. पंधरा फिकट होते. मधे काही नव्हतं.

साहेबांनी एका फिकीचं पोट कापलं, आणि या खेपेला उकळेपर्यंत त्यांना खुर्चीवर बसवलं नाही. आकडा वेगळा होता, टोकाशी दुभंगलेला. एखादं पोरही ओळखेल इतका वेगळा.

"हीच मूळची," बाईंनी एका टाचणीकडे बोट दाखवलं. साहेबांनी लाल कागदाची नवी चिठ्ठी कापून तिला लावली. चिठ्ठी सरळ बसली. दुसऱ्या दिवसाचे दुपारचे तीन वाजले होते. त्यांनी कोट घेतला आणि जिना उतरताना ते, वयाच्या छप्पन्नाव्या वर्षी, दोन दोन पायऱ्या गाळत होते.

८

दार बायकोने उघडलं. टेबलापाशी मुलगी वाचत बसली होती. एकच.

साहेब थेट आतल्या खोलीकडे गेले. पलंग मधोमध होता. ऊन खिडकीतून सरळ त्याच्यावर पडलं होतं. ते परत हॉलमध्ये आले आणि मुलीसमोर बसले. 

"तुला बहीण होती," ते म्हणाले.

मुलीने पुस्तक मिटलं. घाबरली नाही की हसली नाही. "कशी होती?"

त्यांना कळलं. संपादकाने विचारलं होतं तेच ही विचारत होती, आणि बाईंनी जे केलं ते आता त्यांना करायचं होतं. अर्धा तास बोलायचं होतं. निदान एक लक्षण.

"ती चष्म्याच्या दुकानात कामाला जायची."

"मी जाते की, कॉलेजनंतर."

"उजळ होती. तुझ्यापेक्षा."

मुलीने हात पुढे केला. थोरलीइतका गर्द नव्हता, धाकटीइतका उजळ नव्हता. "माझ्यापेक्षा?"

"उलट उत्तरं द्यायची. तोंडावर."

"तुम्हाला कोण देत नाही, बाबा?"

 साहेबांनी डोकं खाजवून खाजवून धाकटी आठवायचा प्रयत्न केला आणि त्यांना आठवत गेलं ते फक्त स्वतःचंच बोलणं. छापील प्रत. शाई कमी पडली. बिनकामाची. हिला काय कळतंय. वीस वर्षांत तिच्याबद्दल ते जे जे म्हणाले होते ते शब्दशः आठवत होतं, आणि ज्या चेहऱ्याला म्हणाले तो चेहरा आठवत नव्हता. ती झोपेत कुठल्या कुशीवर वळायची? तिला काय आवडायचं? कशाने रडायची? चार पानं जाऊ द्या, चार ओळी नव्हत्या.

बायको दाराशी येऊन उभी होती. ओला हात पदराला पुसता पुसता मधेच थांबला होता आणि ती त्या हाताकडे बघत होती. "अहो," ती हळूच म्हणाली, "मला काहीतरी... हाताला काहीतरी वाटतंय बघा. वेणी घालताना. एक डोकं असं असायचं की..."

"तू थांब," साहेब फटकन म्हणाले. "मधे बोलू नकोस. यातलं तुला काय कळतंय?"

बायको गप्प झाली. जन्माची सवय, दोघांचीही. आणि मग कात्रीसाहेबांनी तेच केलं जे त्यांना येत होतं. मान ताठ केली आणि तपासून सांगितल्याच्या आवाजात सांगून टाकलं, "ती डावखुरी होती."

होती की नव्हती, देव जाणे. त्यांना माहीत नव्हतं.

मुलीने आपल्या दोन्ही हातांकडे पाहिलं. "मी नाही," ती म्हणाली. "मी उजवी आहे."

आतल्या खोलीत पलंग करकरला.

"आत कोण आहे?" बायको म्हणाली. "आत कोणी नव्हतं. मी आत्ताच केर काढला."

कोणीतरी पलंगावरून उतरत होतं. पावलांचा आवाज मात्र आला नाही. दार अर्धवट लोटलेलं होतं. त्याच्या कडेवर चार बोटं आली आणि दाराला धरून थांबली.

हात डावा होता. तेवढंच कळत होतं. साहेबांनी चष्मा सारखा केला, भर दुपारचं ऊन होतं, अंतर पाच पावलांचं, आणि तरी हात गोरा की सावळा, लहान की मोठा, त्याला नखं आहेत की नाहीत, ते सांगता येत नव्हतं. बघावं तर दिसायचा, आणि दिसायचा एवढाच की तो डावा आहे. हाताच्या मागे दाराआड कोणीतरी उभं असायला हवं होतं. दाराच्या फटीतून पलंग दिसत होता आणि भिंत दिसत होती.

"अगं," साहेब म्हणाले.  त्यांनी बायकोकडे पाहिलं, बहुधा लग्नानंतर पहिल्यांदाच काही विचारायला. "मघाशी काय म्हणत होतीस? वेणीचं? सांग. सांग ना तू!"

बायको आपला हात उलटसुलट करून बघत होती. तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि कशासाठी ते तिला कळत नव्हतं.

"होतं काहीतरी," ती म्हणाली. "तुम्ही डावखुरी म्हणालात आणि ते गेलं."

दाराच्या कडेवर बोटं किंचित हलली. धीर धरून उभं राहिल्यावर हलतात तशी.

"पुढे सांगा, बाबा," मुलगी दाराकडे बघत म्हणाली. "ती थांबलीय."